मुंबई ओपनचा इतिहास आणि नेरुळच्या एका वडिलांचा प्रश्न

प्रश्न नेरुळच्या एका वडिलांचा आहे. मुलगी 13 वर्षांची, 14 वर्षांखालच्या गटात राज्यातल्या स्पर्धा खेळते. तिच्या सरांनी सांगितलं की फेब्रुवारीत चर्चगेटजवळच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियावर (सीसीआयवर) महिलांची मुंबई ओपन ही टेनिस स्पर्धा असते, तिला दोन दिवस घेऊन जा. घरातलं कुणीतरी म्हणालं, ‘ती काय विम्बल्डन आहे का? दुसऱ्या फळीची स्पर्धा, नावाजलेलं कुणी येत नाही, शाळा कशाला बुडवायची?’ वडिलांना कळेना. त्यांनी मला विचारलं की ही स्पर्धा नेमकी काय आहे, कधीपासून आहे आणि आमच्या मुलीशी तिचा काय संबंध. मी ठाण्यात बरीच वर्षं टेनिस शिकवते, त्याआधी स्वतः खेळले आहे. रॅकेटचं गटिंग, म्हणजे तारा ताणून बांधणं, आजही स्वतः करते, स्पर्धांच्या वेळीही केलेलं आहे. त्यामुळे उत्तर जरा लांबेल.

आधी थोडक्यात सांगते. न्या, नक्की न्या. आणि नावाजलेलं कुणी येत नाही असं म्हणणाऱ्यांना एवढं सांगा की 2017 साली ही स्पर्धा आरिना सबालेन्कानं जिंकली. तेव्हा ती 19 वर्षांची होती आणि टेनिस रोज पाहणाऱ्यांपलीकडे तिला आपल्याकडे फारसं कुणी ओळखत नव्हतं. पुढे सप्टेंबर 2023 मध्ये ती जगात पहिल्या क्रमांकावर गेली. 2023 आणि 2024 ची ऑस्ट्रेलियन ओपन, 2024 आणि 2025 ची यूएस ओपन तिनं जिंकली. ज्यांचं नाव आधीच झालंय त्यांना या स्पर्धेची गरज नसते. ज्यांचं व्हायचंय त्या येतात, आणि त्या आठवड्यात चर्चगेटला उतरलेल्या कुणालाही त्यांना अगदी जवळून बघता येतं.

आता ‘दुसरी फळी’ म्हणजे काय ते नीट समजून घेऊ, कारण खरा गोंधळ तिथेच आहे. 2008 पर्यंत डब्ल्यूटीएच्या, म्हणजे महिला टेनिसच्या जागतिक संघटनेच्या, स्पर्धा टियर एक, टियर दोन अशा श्रेणींत मोजल्या जायच्या. 2009 मध्ये प्रीमियर आणि इंटरनॅशनल असे गट झाले, 2021 पासून 1000, 500 आणि 250. या सगळ्यांच्या खाली आयटीएफच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाच्या, स्पर्धा, आता डब्ल्यू 15 पासून डब्ल्यू 100 पर्यंत. आयटीएफमध्ये सतत जिंकणारी खेळाडू आणि टूरवर, म्हणजे डब्ल्यूटीएच्या वरच्या स्पर्धांत, पहिल्या फेरीत हरणारी खेळाडू यांच्यात पूर्वी मोठं अंतर पडायचं. पुरुषांमध्ये हे अंतर भरायला चॅलेंजर स्पर्धा 1978 पासून आहेत. महिलांमध्ये डब्ल्यूटीएनं तसली मालिका 2012 मध्ये सुरू केली. तेव्हा बक्षिसाची रक्कम सव्वा लाख डॉलर होती, म्हणून नाव 125के. आता नुसतं डब्ल्यूटीए 125 म्हणतात. इथलं विजेतेपद टूरच्या विजेतेपदांत धरत नाहीत, वेगळं मोजतात. पण गुण मात्र त्याच जागतिक क्रमवारीत जातात, ज्या क्रमवारीवर विम्बल्डनची यादी लागते.

ते गुण किती, हे पालकांनी माहीत करून घ्यावं. आज 125 च्या स्पर्धेत विजेतीला 125 गुण मिळतात, उपविजेतीला 81, उपांत्य फेरीत हरणारीला 49, उपांत्यपूर्व फेरीत हरणारीला 27, दुसऱ्या फेरीत हरणारीला 15. पहिल्याच सामन्यात हरली तर 1. (2023 पर्यंत विजेतीला 160 मिळायचे.) हे गुण 52 आठवडे टिकतात, मग गळून पडतात. ग्रँड स्लॅमच्या एकेरीत 128 जणी असतात. त्यातल्या 104 थेट क्रमवारीवर, 16 पात्रता फेरीतून आणि 8 वाइल्ड कार्डवर, म्हणजे आयोजकांनी स्वतःच्या मर्जीनं दिलेल्या जागांवर. यादी स्पर्धेच्या साधारण सहा आठवडे आधी लागते. म्हणजे शंभराव्या क्रमांकाच्या आसपास असलेल्या मुलीसाठी मुंबईतला एक आठवडा हा ऑस्ट्रेलियन किंवा फ्रेंच ओपनच्या यादीत असणं-नसणं ठरवणारा आठवडा असू शकतो. एवढं लक्षात घेतलं की पहिल्या फेरीतले सामने इतके चिवट का होतात ते कळतं.

आता इतिहास. तो सलग नाही, खंडांचा आहे, आणि मला वाटतं त्यातलं महत्त्वाचं ते खंडच.

भारतात डब्ल्यूटीएची स्पर्धा 2003 मध्ये हैदराबादला आली, टियर चारची, म्हणजे खालच्या श्रेणीची. तिथेच फेब्रुवारी 2005 मध्ये सानिया मिर्झानं अंतिम सामन्यात अल्योना बोंदारेंकोला 6-4, 5-7, 6-3 हरवलं. डब्ल्यूटीए एकेरीचं विजेतेपद मिळवणारी ती पहिली भारतीय महिला. श्रेणी कोणती यावरून स्पर्धेची किंमत ठरत नाही, याचा याहून चांगला दाखला मला माहीत नाही. ती स्पर्धा पुढे बंगळुरूला गेली आणि वाढत वाढत 2008 मध्ये टियर दोनला पोचली. त्या वर्षी सेरेना विल्यम्सनं पॅटी श्नायडरला हरवून ती जिंकली. मधल्या काळात कोलकात्यालाही 2005 ते 2007 स्पर्धा झाल्या, 2006 मध्ये मार्टिना हिंगिस तिथे जिंकली. आणि 2008 नंतर सगळं थांबलं. भारतात डब्ल्यूटीए टूरची पुढची स्पर्धा थेट 2022 मध्ये चेन्नईला झाली.

त्या 14 वर्षांत आपल्याकडच्या मुली कुठे खेळल्या? आयटीएफच्या स्पर्धांत, आणि ज्यांना परवडलं त्या परदेशात. उझबेकिस्तान, थायलंड, चीन, तुर्कस्तान. विमान, हॉटेल, कोच बरोबर न्यायचा तर त्याचाही खर्च, गटिंगचे पैसे वेगळे. पहिल्या फेरीत हरलं की त्याच दिवशी परतीच्या तिकिटाचा विचार. माझ्या पिढीतल्या कितीतरी चांगल्या मुली याच काळात खेळ सोडून नोकरीला लागल्या. खेळ कमी पडला म्हणून त्या थांबल्या नाहीत, पैसे संपले म्हणून थांबल्या. हे लिहिताना मला आजही वाईट वाटतं.

त्या 14 वर्षांत डब्ल्यूटीएचं बोधचिन्ह असलेले तीनच आठवडे भारतात झाले, आणि ते तिन्ही महाराष्ट्रात, तिन्ही या दुसऱ्या फळीचे. पहिला पुण्यात, नोव्हेंबर 2012. मालिका नुकतीच सुरू झालेली. आधीच्या आठवड्यात तैपेईला पहिली 125के स्पर्धा झाली आणि लगेच दुसरी बालेवाडीच्या श्री शिवछत्रपती क्रीडासंकुलात, 1994 च्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धांसाठी बांधलेल्या त्या संकुलात. अंतिम सामन्यात एका बाजूला जपानची किमिको दाते-क्रुम, वय 42, आणि दुसऱ्या बाजूला युक्रेनची एलिना स्वितोलिना, वय 18. स्वितोलिनानं 6-2, 6-3 असा सामना जिंकला. पुढे ती जगात तिसऱ्या क्रमांकापर्यंत गेली, 2018 ची डब्ल्यूटीए फायनल्स जिंकली, टोकियो ऑलिम्पिकला कांस्यपदक मिळवलं. बालेवाडीला त्या दिवशी जे बसले होते त्यांनी एक कारकीर्द संपत आलेली आणि एक सुरू होत असलेली, दोन्ही एकाच जाळीच्या दोन बाजूंना पाहिल्या. पुढच्या वर्षी ती स्पर्धा पुण्यात झाली नाही.

मग 2017. महाराष्ट्र राज्य लॉन टेनिस संघटनेनं स्पर्धा मुंबईत आणली, एल अँड टीच्या प्रायोजकत्वाखाली, ब्रेबॉर्न स्टेडियमच्या आवारात क्रिकेट क्लब ऑफ इंडियाच्या हार्ड कोर्टांवर. त्या कोर्टांना मोठ्या टेनिसची सवय होती. 2006 आणि 2007 मध्ये पुरुषांची एटीपी स्पर्धा, म्हणजे त्यांच्या मुख्य टूरची, तिथेच झाली होती. 2006 ला दिमित्री तुर्सुनोव्हनं टोमास बर्डिचला हरवलं होतं आणि दुहेरीत महेश भूपती मारिओ आन्चिचबरोबर जिंकला होता. 2007 ला रिशार गास्के जिंकला. पण महिलांचं टेनिस या पातळीवर मुंबईला नवीनच होतं.

तारीख होती 20 ते 26 नोव्हेंबर. ही तारीख का महत्त्वाची, ते सांगते. 2018 ची ऑस्ट्रेलियन ओपन 15 जानेवारीला सुरू होणार होती, म्हणजे तिची यादी डिसेंबरच्या सुरुवातीला लागणार. वर्षाचा हंगाम संपलेला, मोठ्या खेळाडू सुट्टीवर, आणि ज्यांना थोडेसे गुण कमी पडत होते त्यांच्यासाठी मुंबई ही जवळजवळ शेवटची संधी. सबालेन्का तर त्याच महिन्यात मिन्स्कला फेड कपची अंतिम लढत खेळून आली होती, आणि त्याआधी ऑक्टोबरमध्ये तिआनजिनच्या अंतिम सामन्यात मारिया शारापोव्हाशी खेळून हरली होती. एवढ्या थकव्यानंतर माणूस घरी जातो. ती मुंबईला आली आणि अंतिम सामन्यात स्लोव्हेनियाच्या दलिला याकुपोविचला 6-2, 6-3 हरवून गेली. तिच्या ताकदीबद्दल सगळे बोलतात. मला शिकवताना जास्त उपयोगी पडते ती ही गोष्ट की नोव्हेंबरच्या शेवटी, दमलेली असताना, तिनं लहान स्पर्धेलाही पूर्ण आठवडा दिला.

2018 ला थायलंडची लुक्सिका कुमखुम जिंकली. अंतिम सामन्यात रशियाच्या इरिना ख्रोमाचोवाविरुद्ध पहिला सेट 1-6 गमावून पुढचे दोन 6-2, 6-3 घेतले. त्यानंतर स्पर्धा नाहीशी झाली. 2019 मध्ये झाली नाही, मग कोविडची वर्षं आली, आणि पुढे 2023 पर्यंत काहीच नाही.

अशा स्पर्धा मधेच का बंद पडतात, असं पालक नेहमी विचारतात. त्यामागचा व्यवहार समजला की आश्चर्य वाटत नाही. आयोजकाला डब्ल्यूटीएकडून आठवडा मिळवावा लागतो, बक्षिसाची रक्कम आणि फी भरावी लागते. खेळाडूंचं हॉटेल, गाड्या, चेअर अंपायर, सुपरवायझर, फिजिओ, डॉक्टर, गटिंग, चेंडू, सरावाची कोर्टं, सगळं त्याच्याच अंगावर. या पातळीवर तिकिटांतून फारसं काही येत नाही, टीव्हीतून त्याहून कमी. म्हणजे सगळा भार प्रायोजक, राज्य संघटना आणि सरकारी मदत यांच्यावर. यातला एक जरी मागे सरला तरी त्या वर्षी स्पर्धा होत नाही, आणि एकदा सोडलेला आठवडा जगात दुसरं कुठलं तरी शहर लगेच घेतं.

फेब्रुवारी 2024 मध्ये स्पर्धा परत आली. तारीख बदलली होती, आता ऑस्ट्रेलियन ओपननंतर लगेच, जेव्हा बऱ्याच जणी आशियातच असतात आणि वरच्या क्रमांकाच्या खेळाडू अबू धाबी, दोहाकडे निघालेल्या असतात. माझ्या मते ही तारीख जुन्या तारखेपेक्षा चांगली आहे. हंगामाच्या सुरुवातीला खेळाडू ताज्या असतात आणि मुंबईची हवाही त्या दिवसांत त्यातल्या त्यात कोरडी असते.

त्या वर्षीचा एक सामना मी मुलांना पुन्हा पुन्हा सांगते. पहिल्या फेरीत अव्वल मानांकित कायला डे होती, अमेरिकेची, जगात पहिल्या शंभरात. समोर सहजा यमलापल्ली, आपली, अमेरिकेत कॉलेजचं टेनिस खेळून आलेली. सहजानं तीन सेटमध्ये तिला घरी पाठवलं, 6-4, 1-6, 6-4. मधला सेट 1-6 गेल्यावर तिसऱ्याच्या सुरुवातीला खेळाडू काय करते, हे बघण्यासारखं असतं. बहुतेक भारतीय मुली तिथे सुरक्षित खेळायला लागतात, चेंडू मधे टाकतात. सहजा तशी खेळली नाही.

त्या वर्षी विजेती ठरली लात्वियाची दार्या सेमेनिस्तया. अंतिम सामन्यात तिच्यासमोर ऑस्ट्रेलियाची स्टॉर्म हंटर होती, दुहेरीत जगात पहिल्या क्रमांकावर पोचलेली आणि नुकतीच ऑस्ट्रेलियन ओपनच्या एकेरीत पात्रता फेरीतून येऊन तिसऱ्या फेरीपर्यंत गेलेली. सेमेनिस्तयानं पहिला सेट 5-7 गमावला, दुसरा टायब्रेकवर काढला आणि तिसरा 6-2 घेतला. दुहेरीत आपली प्रार्थना ठोंबरे नेदरलँड्सच्या आरियान हार्टोनोबरोबर अंतिम फेरीत गेली. प्रार्थना बार्शीची, सोलापूर जिल्ह्यातली. 2014 च्या एशियाडला सानियाबरोबर कांस्यपदक, 2016 ला रिओ ऑलिम्पिक. घरच्या प्रेक्षकांसमोर ती जिंकावी असं सगळ्यांनाच वाटत होतं, पण ती जोडी हरली. हरवणाऱ्या जोडीत अमेरिकेच्या सब्रिना सांतामारियाबरोबर होती दलिला याकुपोविच, तीच, 2017 ची उपविजेती. मधल्या वर्षांत, जानेवारी 2020 मध्ये, मेलबर्नला वणव्याच्या धुरात खोकून खोकून ती कोर्टावरच कोसळली होती आणि सामना सोडावा लागला होता. 2017 नंतर सहा वर्षांनी ती त्याच स्पर्धेत परत आली आणि करंडक घेऊन गेली. या पातळीवरची कारकीर्द अशी असते, लांब, बिनबोभाट, आणि चिकाटीवर चाललेली.

2025 ला स्वित्झर्लंडची यिल टाइखमान जिंकली. अंतिम सामन्यात तिनं थायलंडच्या मनांचया सावांगकेवला हरवलं. टाइखमान एके काळी जगात 21 व्या क्रमांकावर होती, 2021 ला सिनसिनाटीच्या अंतिम फेरीपर्यंत गेलेली. क्रमवारीत खाली घसरल्यावर वर चढण्यासाठी ती इथे आली होती. म्हणजे या स्पर्धेत चढणाऱ्या असतात तशा सावरणाऱ्याही असतात, आणि तुमच्या मुलीला दोघींकडून शिकता येतं.

पण त्या वर्षी खरी चर्चा झाली ती माया राजेश्वरन रेवतीची. कोइम्बतूरची, वय 15. पात्रता फेरीसाठी तिला वाइल्ड कार्ड मिळालं. पात्रता फेरी पार करून ती मुख्य फेरीत आली आणि जिंकत जिंकत उपांत्य फेरीत पोचली. तिथे तिला टाइखमाननं थांबवलं. आता वर सांगितलेले गुण आठवा. उपांत्य फेरीचे 49. डब्ल्यूटीएच्या क्रमवारीत पहिल्यांदा नाव यायला तीन स्पर्धांत गुण मिळवावे लागतात किंवा किमान 10 गुण तरी. आयटीएफच्या सगळ्यात खालच्या स्पर्धांत वर्षभर फिरून मुली हे जमवतात. मायाला ते एका आठवड्यात मिळालं, स्वतःच्या देशात, आणि हे घडू शकलं कारण यजमान संघटनेच्या हातात वाइल्ड कार्डं होती. स्पर्धा दुसऱ्या देशात असती तर ते कार्ड तिथल्या मुलीला गेलं असतं. स्पर्धा आपल्या शहरात असण्याचा मोठा फायदा मी हाच मानते.

पुरुषांची चॅलेंजर स्पर्धा पुण्यात आहे, तिच्याबद्दलही थोडं सांगते, कारण पालक दोन्हींची सरमिसळ करतात. ती बालेवाडीला होते. युकी भांब्री तिथे 2015 आणि 2017 ला जिंकला, 2017 ला अंतिम सामन्यात समोर रामकुमार रामनाथन होता. 2023 ला मॅक्स पर्सेल, 2024 ला मोनाकोचा व्हॅलेंटिन वाशरो. हाच वाशरो ऑक्टोबर 2025 मध्ये 204 व्या क्रमांकावरून, पात्रता फेरीतून येऊन शांघाय मास्टर्स जिंकला. याच बालेवाडीला 2018 पासून एटीपी 250 ची मोठी स्पर्धा होती, चेन्नईहून आलेली. 2023 नंतर ती गेली. चॅलेंजर मात्र राहिली.

आता तुमच्याकडे येते. ठाणे आणि नवी मुंबईत टेनिस खेळणारी मुलं खूप आहेत, पण अशी स्पर्धा इथे सहज होऊ शकत नाही. आपल्याकडची कोर्टं क्लबांत आणि सोसायट्यांत विखुरलेली, एका जागी दोन-तीन, त्यात एक मातीचं आणि एक हार्ड. डब्ल्यूटीएला एकाच पृष्ठभागाची अनेक कोर्टं एका आवारात लागतात, सरावासाठी वेगळी, शिवाय दिवे, फिजिओच्या खोल्या आणि जवळ हॉटेल. घोडबंदर रोडला नवी संकुलं होतात तेव्हा जाहिरातीत टेनिस कोर्ट असतं, आणि ताबा मिळाल्यावर कळतं की कुंपणापर्यंत मागे जायला जागाच नाही. बेसलाइनच्या, म्हणजे कोर्टाच्या टोकाच्या रेघेच्या, मागे सहा-साडेसहा मीटर मोकळे नसतील तर तिथे खोल चेंडू शिकवता येत नाही. बिल्डरांनी आणि महापालिकांनी एवढं तरी पाहावं, अशी माझी कळकळीची विनंती आहे. नवी मुंबईला आखणी करून वसवलंय, मोकळे भूखंड अजून आहेत. सहा हार्ड कोर्टं एका रांगेत, ही काही अवाजवी मागणी नाही.

तरी मुली घडतात. नवी मुंबईची आकांक्षा नित्तुरे आयटीएफच्या स्पर्धांत खेळते, तिचे सामने तुमच्या मुलीनं जरूर बघावेत. पुण्याच्या ऋतुजा भोसलेनं हांगझोच्या एशियाडला रोहन बोपण्णाबरोबर मिश्र दुहेरीचं सुवर्ण मिळवलं. आधी राज्यात, मग सोलापूर-पुण्याच्या आयटीएफ स्पर्धांत, मग मुंबई ओपनमध्ये, असा रस्ता या मुलींना महाराष्ट्रातच मिळाला तर बराच पैसा आणि बरीच वर्षं वाचतात.

तुमची मुलगी 13 ची आहे. 14 पूर्ण होईपर्यंत व्यावसायिक स्पर्धा खेळताच येत नाहीत, आणि त्यानंतरही 18 पर्यंत वर्षाला किती खेळायच्या यावर डब्ल्यूटीएची मर्यादा आहे. तो नियम चांगला आहे, त्याच्याशी भांडू नका. आत्ता तिनं अखिल भारतीय टेनिस संघटनेच्या ज्युनियर स्पर्धा खेळाव्यात: टॅलेंट सिरीज, चॅम्पियनशिप सिरीज, मग सुपर सिरीज. आयटीएफ ज्युनियरची घाई नको. पण पुढची पातळी डोळ्यांनी बघायला वयाची अट नाही, आणि ती टीव्हीवर कळत नाही. टीव्हीवर कॅमेरा वरून असतो, चेंडू हळू वाटतो. कोर्टाशेजारी बसलं की आवाज ऐकू येतो, चेंडू किती जड पडतो ते कळतं, आणि 13 वर्षांच्या मुलीला स्वतःचं अंतर स्वतःच मोजता येतं. त्यासाठी कुणाच्या भाषणाची गरज पडत नाही.

नेलंत की काय बघायचं, ते सांगते. नेरुळहून हार्बरनं सीएसएमटी आणि तिथून टॅक्सीनं चर्चगेट, सकाळी लवकर निघा. आधी सरावाच्या कोर्टांकडे जा, मुख्य कोर्टाकडे नंतर. एक खेळाडू निवडा आणि दोन गेम फक्त तिचे पाय बघायला सांगा, चेंडू अजिबात नाही. समोरची खेळाडू फटका मारते त्या क्षणी या मुली जमिनीवरून किंचित उचललेल्या असतात, आणि उतरता उतरता दिशा ठरलेली असते. आपल्या मुली त्या वेळी टाचेवर उभ्या असतात. मग दुसरी सर्व्हिस बघा. पहिली सर्व्हिस सगळ्यांची दिसायला छान असते. 30-40 वर, म्हणजे गेम जायला एकच गुण उरलेला असताना, दुसरी सर्व्हिस कोण किती जोरात मारतं, त्यावर पातळी कळते.

गटिंगच्या टेबलाजवळून जाता आलं तर दोन मिनिटं थांबा. युरोपातून आलेली मुलगी रॅकेट देते तेव्हा ताण किलोत सांगते, 24 किलो वगैरे. आपल्याकडे पाउंडात सांगतात, म्हणजे साधारण 53 पाउंड. गटिंग झालेली रॅकेट हातात आली की ती तळहातानं तारा दाबून बघते, दोन रॅकेटी एकमेकींवर आपटून आवाज ऐकते. मुंबईत दोन दिवस खेळली की परत येते आणि म्हणते, अर्धा किलो कमी कर. कारण समुद्राकडून येणाऱ्या दमट हवेत चेंडूवरची लोकर फुगते, चेंडू जड होतो, लांब जात नाही. ताण थोडा उतरवला की तारांतून जास्त जोर मिळतो आणि चेंडू पुन्हा बेसलाइनजवळ पडायला लागतो. पॉलिएस्टर तारा तशाही काही तासांच्या खेळात सैल पडतात, म्हणून या खेळाडू जवळजवळ रोज नवीन गटिंग करून घेतात. तुमची मुलगी एकच गटिंग तार तुटेपर्यंत वापरत असेल, बहुतेक सगळ्याच वापरतात. पॉलिएस्टर असेल तर तसं करू देऊ नका, मेलेल्या तारेनं मनगट आणि कोपर दुखावतं. या वयाला मऊ तार, कमी ताण, आणि महिन्या-दीड महिन्यानं बदल.

दोन्ही दिवस जमत असतील तर एक दिवस दुहेरीला द्या. शाळकरी मुलींना दुहेरीत जाळीजवळ उभं राहायची भीती वाटते, ती चांगलं दुहेरी बघूनच जाते. आणि एकच दिवस जमणार असेल तर उपांत्य किंवा अंतिम सामन्याचा धरू नका, पात्रता फेरीचा शेवटचा दिवस धरा. त्या दिवशी गर्दी नसते, कुठेही बसता येतं, कोर्टांवर आपल्या मुली जास्त असतात, आणि मुख्य फेरीतल्या उरलेल्या मोजक्या जागांसाठी प्रत्येकजण जिवाच्या आकांतानं खेळत असतो. दुपारची उन्हं टाळायला टोपी, पाणी आणि डबा बरोबर घ्या.